एका खोलीची शांतता

प्रेमाला शब्द लागत नाहीत, असं थोरामोठ्यांनी सांगून ठेवलं आहे. असेलही. मास्तरणीच्या प्रेमाला मात्र ‘आता एक मिनिट कुणी बोलायचं नाही’ असं बजावणारा माणूस लागला.

तो तिला भेटला धडकून. दोर वळताना एकाला उलट्या पावलांनी मागे जावं लागतं. त्या सकाळी ती आत्याच्या दोराचं टोक धरून मागे सरकत होती आणि मागे तो उभा होता, कानांवर भलेमोठे हेडफोन चढवून.

‘ऐकू येत नाही का?’
‘तेवढंच येतं,’ तो म्हणाला.

वस्ती दोर वळणाऱ्यांची. बाहेरच्यांनी येऊन तिच्यावर माहितीपट काढायचे आणि वस्तीनं त्यात स्वतःला ‘दुर्लक्षित घटक’ म्हणून ओळखायचं, असं दोनदा झालं होतं. या खेपेला वस्तीनं ठणकावून सांगितलं, माहितीपट आमचा, कॅमेरा आमचा, दिग्दर्शन आमच्या शाळेच्या मास्तरणीचं. बाहेरचा फक्त आवाज टिपणारा. त्याला पहिल्याच दिवशी ‘कानवाला’ हे नाव पडलं.

प्रत्येक घरात मुलाखत संपली की तो सगळ्यांना बाहेर काढून त्या खोलीची मिनिटभर शांतता टिपायचा. नंतर माहितीपट जोडताना ती बोलण्यातल्या फटींमध्ये भरतात. आणि प्रत्येक खोलीची शांतता वेगळी असते म्हणे. दिग्दर्शिकेनं आत थांबावं असा काही नियम नव्हता. ती थांबायची.

कवडशात काथ्याची धूळ तरंगत राहायची... पत्र्यावरून एखादा थेंब निथळायचा... तो डोळे मिटून ऐकायचा आणि ती निर्धास्तपणे त्याच्याकडे बघायची.

‘आज जेवला नाहीत,’ तिसऱ्या घरात मिनिट संपल्यावर तो म्हणाला.
‘कुणी सांगितलं?’
‘तुमच्या पोटानं. अगदी स्पष्ट आलंय.’

दुसऱ्या दिवसापासून ती जेवून येऊ लागली. मग त्यानं विचारलं, श्वास का लागलाय, धावत आलात का. ती हो म्हणाली. त्या दिवशीचं घर तिचं स्वतःचंच होतं.

मिनिटं हळूहळू लांबत गेली. एवढ्याशा खोलीत एवढी शांतता मावते कुठे, असं आत्यानं दाराबाहेरून विचारूनही झालं.

शेवटचं घर आत्याचं. शनिवारी तो जाणार होता. पुढचं काम लांबचं, दीड वर्षाचं. आठवडाभर मास्तरणीनं मनात वाक्यं जुळवली होती, आणि मुलांच्या वह्यांसारखी एकेक तपासून खोडलीही होती. त्यानं बोट वर केलं. मिनिट सुरू झालं. आता त्याला हसण्यावारी नेता येणार नव्हतं, की ‘बघू’ म्हणून टाळता येणार नव्हतं...

‘जाऊ नका,’ ती पुटपुटली.

त्याची पापणी हलली. बाकी तो हलला नाही. उरलेली चाळीस सेकंदं तिला जन्मभर पुरतील इतकी लांब गेली. मग त्यानं सावकाश हेडफोन उतरवले.

‘खराब झालं. परत घ्यावं लागेल.’
‘आणि... शनिवार?’
‘हे नीट मिळेपर्यंत मला हलता येत नाही.’
‘मी परत बोलले तर?’
‘तर परत घ्यायचं.’

लांबचं काम त्यानं दुसऱ्या दिवशी कळवून सोडलं. माहितीपट वस्तीनं एकमतानं मंजूर केला. आत्याच्या खोलीची शांतता मात्र मिळालीच नाही. तिथे शेजारच्या घरातली लावली आहे.