अठरा किलोंचं प्रेत

पटत नसेल तर सोडून द्या, पण हे माझ्या डोळ्यांदेखत घडलंय. रविवारी, दुपारच्या प्रयोगाला, भरल्या थिएटरात.

मी नाटकांचा कपडेपट सांभाळते.

नाटक ग्रीकांचं, हजारो वर्षांपूर्वीचं. अपमान झालेला योद्धा स्वतःचा जीव घेतो. पुढे तासभर वाद... याला मानाने मूठमाती द्यायची की नाही. दिग्दर्शकाने सगळ्यांना आजच्या सैनिकांचे गणवेश चढवले होते. योद्धा करणारा नटच पुढे त्याचा भाऊ होतो, म्हणून प्रेताच्या जागी चादरीखाली पुतळा ठेवायचा. चिंध्या आणि वाळू, अठरा किलो. भरला मीच.

गणवेश एक कमी पडला. मी घरून दादाचा आणला, पुतळ्याला चढवला.

माझा दादा लढाईवरून परतला आणि महिन्याभरात त्याने स्वतःला संपवलं. बाबा त्याला पोचवायलाही गेले नाहीत. "पळपुटा," एवढंच म्हणाले. नऊ वर्षं घरात त्याचं नाव नाही.

त्या रविवारी थाप मारून मी बाबांना पहिल्या रांगेत बसवलं. "विनोदी आहे," म्हटलं. एकदा तरी त्यांनी हा वाद ऐकावा, एवढाच माझा हट्ट.

शेवटी चार सैनिक पुतळा उचलून नेतात. रोज नेतात.

त्या दिवशी ते वाकले...

पुतळा हलला नाही.

पुन्हा वाकले. मानेच्या शिरा फुगल्या. प्रेक्षकांना वाटलं, काय अभिनय आहे.

"ताई, वाळू किती कोंबलीस?" विंगेत मॅनेजर पुटपुटला.

"मापाचीच."

मग चादर... छातीपाशी वर झाली. खाली झाली.

पंखे बंद होते.

पहिल्या रांगेत खुर्ची करकरली. बाबा उठले. गुडघ्यांवर हात टेकत पायऱ्या चढले. चादरीशी वाकून म्हणाले, "चल बाळा. चुकलं माझं."

त्यांनी खांद्याखाली हात घातला... आणि पुतळा अलगद उचलला गेला.

टाळ्या थांबेनात.

नंतर मी तो उसवला. चिंध्या, वाळू. काट्यावर अठरा किलो.

चौघांपैकी एकच जण बोलला. "मावशी, पाठ गरम होती त्याची."

गणवेश आता बाबांच्या खोलीत टांगलाय. दार लावून ते दुपारभर बोलत बसतात. म्हातारा माणूस, बोलू दे, असं मी शेजाऱ्यांना सांगते. हल्ली जेवायलाही बाहेर येत नाहीत.

बोलता बोलता ते मधेच थांबतात... समोरच्याने उत्तर द्यावं, एवढा वेळ.

काल असेच थांबले, आणि हसायला लागले. पोट धरून.

मला आनंद व्हायला हवा होता. मी चहा दाराबाहेरच ठेवला, आणि पाय न वाजवता परत आले.