पडदाभर चेहरा

"डॅडी, स्टुडिओत मला मुलगी म्हणून हाक मारू नका हं... प्लीज!"

टोस्टला लोणी लावता लावता होरेस पिलबीमचा हात थबकला. लॉर्ना मान खाली घालून चहा ढवळत होती. पिलबीम हे आडनाव टाकून ती लॉर्ना वेन झाली, तेव्हा त्याने हसून आशीर्वाद दिला होता. पण आज, बापलेक पहिल्यांदाच एका चित्रपटात असताना...!

"बापाची लाज वाटते?" तिची आई एनिड कडाडली. "डॅडींनी जन्मभर बटलर न् हवालदार केले, म्हणून तू अभिनय शिकलीस! आज कुठे त्यांचा पहिला क्लोजअप आहे. मी कॉलरला मुद्दाम खळ घातलीय!"

"असू दे गं," होरेस म्हणाला. "नायिकेचा बाप बटलर आहे असं कळलं, तर लोक हिच्याही हातात ट्रे देतील!"

कोणीच हसले नाही.

अख्खे लंडन त्याला चेहऱ्याने ओळखायचे, नावाने कोणीच नाही. "तुम्ही गॅस कंपनीत होता ना?" असे बसचे कंडक्टर विचारीत, आणि तो आनंदाने हो म्हणे. पण हा माणूस पडद्यावर दारात टोपी झटकत उभा राहिला, की बाहेर पाऊस पडतोय हे प्रेक्षकाला सांगावे लागत नसे!

त्या दिवशी स्टुडिओत चित्रित होणारा प्रसंग निरोपाचा होता. घर सोडून निघालेली मालकाची मुलगी म्हणजे लॉर्ना, आणि म्हातारा बटलर होरेस. बापाच्या डोळ्यांत बघायची तिची हिंमत होईना. ती पुन्हा पुन्हा अडखळत राहिली, आणि जेवणाची वेळ येऊन ठेपली. त्यानंतर सेट मोडायचा होता.

"आता एकच क्लोजअप होईल," दिग्दर्शक वैतागून म्हणाला. "पिलबीम, तुमचाच घेऊ. पोरीच्या डोळ्यांत पाणी काही येत नाही."

होरेसने लॉर्नाकडे पाहिले. ज्या क्षणाची इतकी वर्षे वाट पाहिली, तो हाच... आणि समोर पांढरीफटक पडलेली त्याची लेक!

"तिचाच घ्या, साहेब. माझं थोबाड लोकांना पाठ आहे."

त्याचे काम संपले होते. अशा वेळी छोटे नट घरी जात, त्यांचे संवाद कोणीतरी कागदावरून वाचून दाखवी. पण होरेस कॅमेऱ्याशेजारी अंधारात उभा राहिला, कोणाला दिसणार नव्हता तरी ट्रे धरून, ताठ.

"मी इथंच असेन, मिस. परत आलात तर दार उघडायला कुणीतरी हवं ना?" तो आपला संवाद म्हणाला.

लॉर्नाची नजर त्याच्या कॉलरवर गेली... ती कडक, पांढरीशुभ्र कॉलर आता कोणालाच दिसणार नव्हती! तिचे डोळे भरून वाहू लागले.

स्टुडिओच्या उपाहारगृहात खिडकीजवळची टेबले बड्या नटांची, मागचे बाक बटलर-हवालदारांचे. ही रीत कोणी मोडत नसे.

"झाला का रे क्लोजअप?" हवालदाराच्या वेषातल्या बर्टीने विचारले.

"फक्कड झाला," होरेस म्हणाला, आणि ते खोटे नव्हते.

इतक्यात लॉर्ना आत आली. दिग्दर्शकाने खिडकीपाशी तिच्यासाठी खुर्ची ओढली. ती तिथे थांबलीच नाही. हातात बशी घेऊन थेट मागच्या बाकापाशी आली.

"सरका ना जरा, डॅडी!"

सगळ्यांचे चमचे थांबले. तिने बर्टीपुढे हात केला. "मी लॉर्ना पिलबीम. ह्यांची मुलगी."

होरेस सरकला. त्याने मिठाची बाटली तिच्या बशीजवळ ठेवली.