दहा-दहा यार्डांनी

सिग्ने टॉर्विक जिमखालच्या तळघरात शनिवारच्या सामन्याचं चित्रण कापत बसली होती. दार ढकलून एक मुलगा आत आला. खांद्यावर टॉवेल, केसांतून पाणी गळतंय, आणि पायांत एकच मोजा.

"बर्फ इथे मिळतो ना?"

"बर्फ शेजारच्या खोलीत," सिग्ने पडद्यावरून नजर न काढता म्हणाली. "इथे फक्त तुमचे पराभव मिळतात. सहा आहेत. कुठला देऊ?"

"सहावा नको. तो अजून दुखतोय."

ती हसली, आणि मग तिने वळून पाहिलं. हा एमेट क्रोल, कॉलेजच्या अमेरिकन फुटबॉल संघाचा स्नॅपर. किक मारायची वेळ आली की मधोमध वाकायचं आणि दोन पायांमधून चेंडू मागे भिरकावायचा, एवढंच याचं काम. नीट जमलं तर कुणाच्या लक्षात राहत नाही. चुकलं तर गाव विसरत नाही.

एमेटचं हसू मात्र मावळलं होतं. तो पडद्याच्या कोपऱ्याकडे बघत होता.

"म्हणजे... तुलाही दिसतो तो?"

सिग्नेचा हात थांबला. तीन आठवडे ती स्वतःलाच समजावत होती, की आपलं मोजण्यात काहीतरी चुकतंय. एका संघाचे अकरा खेळाडू. बारावा मैदानात उतरला, की पंचांचा दंडाचा पिवळा रुमाल पडलाच म्हणून समजा. पण तिच्या चित्रणात बारा जण उभे होते, आणि रुमाल एकदाही पडला नव्हता. तो बारावा सगळ्यांच्या मागे एकटाच असायचा. डोक्यावर जुन्या काळचं चामड्याचं शिरस्त्राण, पाठीवर आकडा नाही. थंडीत बाकीच्यांच्या तोंडातून वाफ निघायची. त्याच्या नाही.

"मला वाटलं, माझेच डोळे..." ती पुटपुटली.

"मलाही तसंच वाटलं. संघात मागे वळून बघणारा मी एकटाच. तेसुद्धा पायांमधून! कुणाला सांगणार?"

दोघांनी सहाही सामने पुन्हा पाहिले. पहिल्या शनिवारी तो मैदानाबाहेर, मक्याच्या शेताच्या कडेला होता, एमेटच्या मागे नव्वद यार्डांवर. पुढच्या शनिवारी ऐंशी. मग सत्तर. दर पराभवाला दहा यार्ड. चेंडू जी दहा यार्ड पुढे न्यायला ही पोरं दुपारभर हाडं मोडून घेत होती, ती याला जागचं न हलता मिळत होती. आता तो चाळीसवर आला होता.

"चार सामने उरलेत," सिग्ने म्हणाली. "एक तरी जिंका रे."

"बाई, आम्ही काय मुद्दाम हरतोय?"

त्यानंतर एमेट दर सोमवारी यायचा. गरम सफरचंदाच्या रसाचे दोन कप घेऊन, आणि दोन्ही मोजे घालून. कोपर कोपराला लागेल इतकं जवळ बसून दोघं मोजायची. तीस. वीस.

"तू मला नेहमी उलटीच दिसतेस, ठाऊक आहे?" एकदा तो म्हणाला. "मागच्या मनोऱ्यावर, कॅमेऱ्यामागे. लाल टोपी खाली, बूट वर."

"आणि?"

"आणि... उलटीसुद्धा बरी दिसतेस."

"चेंडूकडे बघत जा जरा."

"चेंडू हातातच असतो. तू नसतेस."

सिग्नेने कप तोंडाला लावला. त्यातला रस मघाशीच संपला होता.

नववा सामनाही ते हरले. पडद्यावर दहा यार्ड. बाराव्याच्या बुटांवरचा चिखलसुद्धा स्पष्ट दिसत होता.

"शनिवारी खेळू नकोस," सिग्ने म्हणाली.

"मग वाकणार कोण? कोच ब्रँडवोल्ड? ते एकदा वाकले तर वसंतातच सरळ होतील."

ती हसली नाही. "एमेट, तो पोचला की काय होईल?"

"माहीत नाही."

"तुला काही झालं तर... मी सोमवारी कुणाची वाट बघू?"

त्याने तिच्या बाहीचं सुटलेलं बटण हळूच लावलं.

शेवटच्या शनिवारी दुपारी नदीवरून धुकं चढलं. प्रेक्षक दिसेनात, मग गोलाचे खांब दिसेनात. दोन गुणांनी मागे आणि उरलेले तीन सेकंद. तीन गुणांची एक किक बसली तर जिंकले. कॅमेऱ्यात नुसतं पांढरं दिसत होतं. सिग्नेने तो तसाच चालू ठेवला आणि मनोऱ्याच्या पायऱ्या उतरली.

चेंडू खांबावर आपटल्याचा आवाज धुक्यातून आला. ठण्ण! मग कुणी ओरडलं नाही. दहावा पराभव.

ती धावत मैदानात शिरली. एमेट अजून वाकलेलाच होता.

"सरळ हो, एमेट."

"तो मागेच आहे," एमेट पुटपुटला. "अगदी मागे... माझ्याएवढाच आहे गं तो. पोरगाच आहे."

तिने त्याचा डावा हात आपल्या उजव्या हातात घट्ट धरला. "माझ्याकडे बघ. चल."

दोन्ही संघ रिवाजाप्रमाणे हस्तांदोलनाला ओळीने समोरासमोर आले होते. ती दोघं ओळीत शिरली. धुक्यातून एकेक हात पुढे यायचा, एमेटच्या उजव्या हाताला लागायचा. "छान खेळलास." "छान खेळलास, दोस्त." मग ओळ संपली, पावलांचे आवाज विरले, आणि एमेट अजून जिवंत होता. त्याने हेल्मेट काढून गवतावर टाकलं.

"आता सामने संपले," तो म्हणाला. "सोमवारी कुठल्या निमित्ताने येऊ?"

"निमित्त कशाला हवं?"

"मग... तू आवडतेस, म्हणून येऊ?"

"हे सांगायला दहा सामने हरलास, वेड्या!"

तो हसला. त्याने तिचा चेहरा दोन्ही हातांच्या ओंजळीत धरला. त्याचे तळवे ऊबदार होते, आणि सिग्नेने डोळे मिटले.

मग तिच्या लक्षात आलं. तिचा उजवा हात अजूनही कुणीतरी धरला होता.

गार, ओला, मातीने माखलेला हात. ओढत नव्हता. नुसता धरून होता... ओळीत शेवटी उभ्या राहिलेल्या, ज्याच्यापर्यंत कुणी आलंच नाही अशा मुलासारखा.

सिग्नेने खाली पाहिलं नाही. तिने तो हात हळूच दाबला.

"छान खेळलास," ती म्हणाली.

"कोण, मी?" एमेटने विचारलं.

एकेक बोट सुटत गेलं.