गुलाबी पिन

गेम खेळता खेळता कॉम्प्युटर अडकला आणि तेव्हापासून त्याचा आवाजच गेला, ही तक्रार माझ्याकडे महिन्यातून चार-पाच वेळा तरी येते. संग्रामपुरात बस स्टँडच्या मागे माझं दुरुस्तीचं दुकान आहे. पाटीवर ‘धम्मरत्न कॉम्प्युटर्स’ असं भारदस्त नाव आहे, आत मात्र मी एकटाच. अशा तक्रारीत घाबरण्यासारखं काही नसतं. गेम मरताना आवाजाचा ताबा सोडत नाही, एवढंच. तो सोडवायचा, आवाज चालवणारा प्रोग्राम, म्हणजे ड्रायव्हर, काढून नवा टाकायचा, वीस मिनिटांत काम फत्ते. लोकांना उगाच वाटतं स्पीकर जळाला. जळालेला स्पीकर मी आठ वर्षांत दोनदाच पाहिलाय.

म्हणून कारभारी काकांचा फोन आला तेव्हा मी नेहमीसारखं सांगितलं, "काका, कॉम्प्युटरचा डबा घेऊन दुकानात या."

"मले दिसत नाई बाप्पा," ते म्हणाले. "अन् पोरगी त्याले जाग्यावरून हालवू देत नाई. तुमीच या. आजच या. पाया पडतो तुमच्या."

कॉम्प्युटरच्या आवाजासाठी कुणी पाया पडतं का? मला जरा हसूच आलं. पण दुपार रिकामीच होती. गाडी काढली आणि पातुर्ड्याच्या रस्त्याला लागलो.

कापसाची वेचणी सुरू होती, त्यामुळे गावात माणूस दिसेना. गल्लीत दोन शेळ्या आणि ओट्यावर पाय सोडून बसलेली एक म्हातारी. काकांचं घर टोकाला होतं, दोन खोल्यांचं, पुढं पत्र्याची पडवी. काचबिंदूने सहा वर्षांपूर्वी त्यांचे दोन्ही डोळे नेले. बायको त्याआधीच गेलेली. आता घरात ते आणि बावीस-तेवीस वर्षांची मुलगी, काजल. ती घरबसल्या लोकांचे ऑनलाइन फॉर्म भरून द्यायची आणि दुपारी काम संपलं की हेडफोन लावून चार गावच्या चार मैत्रिणींसोबत गेम खेळायची. तिची तेवढीच काय ती चैन.

ती दारातच उभी होती. बारीक अंगाची, डोळ्यांखाली काळं आलेलं. मी "नमस्कार" म्हणालो. तिने नुसते हात जोडले.

"बोलत नाई ते," आतून काका म्हणाले. "अकरा दिवस झाले."

मग त्यांनी सगळं सांगितलं. त्या दुपारी ते खाटेवर पडले होते. काजल खेळत होती, मैत्रिणींना ओरडत होती, हसत होती. तेवढ्यात हेडफोनमधून ‘टर्रर्र’ असा आवाज निघाला, इतका मोठा की त्यांना खाटेवर ऐकू आला. मग कॉम्प्युटर चूप झाला आणि त्याच क्षणी काजलही. त्यानंतर तिच्या तोंडून एक शब्द निघालेला नाही. अकोल्याच्या डॉक्टरने घशात कॅमेरा घालून बघितलं. घसा ठणठणीत आहे, पोरगी घाबरलीय, येईल आवाज हळूहळू, असं म्हणाला.

"याचा आवाज गेला अन् तिचा गेला," काका म्हणाले. "तुमी याचा आना. तिचाबी येईन."

"काका, असं कुठं असते का?"

"मले नाई समजत कुठं काय असते ते." त्यांची दाढी वाढली होती. "तुमाले डोये हायेत, तुमी तिले पाहून राह्यले. माया पोरीचा मायाजोळ आवाजच होता ना. तो गेला तं काय राह्यलं सांगा बरं? अंधारात कोनीतरी भाकर आनून देते, बस."

मला त्या माणसाची फार दया आली. काजल टेबलापाशी गेली आणि बोटाने एकदा टकटक केलं. एकदा म्हणजे हो, दोनदा म्हणजे नाही, अशी बापलेकीने खूण ठरवली होती. तेवढ्यावर त्या घराचं बोलणं चाललं होतं.

मी कामाला लागलो. मशीन जुनी पण निगुतीने ठेवलेली, वर धुळीचा कण नाही. आवाजाची सर्व्हिस बंद करून चालू केली. ड्रायव्हर काढला, रीस्टार्ट केलं, माझ्या पेनड्राइव्हवरून नवा टाकला. पडद्यावर सगळं बरोबर दिसत होतं, स्पीकरच्या चित्रापुढे हिरवी खूणसुद्धा आली. स्पीकर मात्र ढिम्म. वायरी बदलल्या, तरी ढिम्म.

मग मी माइकचं पान उघडलं. माइकला आवाज पोहोचला की तिथे एक हिरवी पट्टी वर चढते. ती चढत होती.

माइकवाला हेडफोन टेबलावर पडला होता. खोलीत कुणी बोलत नव्हतं. पंख्याचा आवाज पकडत असेल म्हणून मी पंखा बंद केला. पट्टी चढतच राहिली. मी माइकजवळ टाळी वाजवली, फुंकर मारली, तेव्हा मात्र ती तसूभरही हलली नाही. थोडं थांबून आपल्या मनाने पुन्हा चढली, उतरली, थांबली, परत चढली. कुणी बोलताना होते तशी. वायर सैल असेल, मी म्हटलं. सैल वायरीने मी याहून विचित्र प्रकार पाहिलेत.

माइक तपासायची आमची एक रीत आहे. सेटिंगमध्ये एक चौकट असते. तिच्यात टिक केली की माइकमध्ये शिरलेलं सरळ स्पीकरमधून बाहेर येतं. मी टिक केली आणि सवयीने म्हणून गेलो, "हं, हॅलो म्हन बरं."

म्हटलं आणि जीभ चावली. पण काजलने हेडफोन कानावर चढवला, माइक तोंडापुढे घेतला आणि ओठ हलवले.

"हॅलो," स्पीकर म्हणाला.

स्वच्छ, किंचित किनरा, तरण्या मुलीचा आवाज. काका खाटेवरून एवढ्या झटक्यात उठले की खाट मागे सरकली.

मला तर मूठभर मांस चढलं. कारणही लगेच सापडलं. हिच्या गळ्यातून आपल्याला ऐकू न येण्याइतका बारीक आवाज निघत असणार, आणि माइकची ताकद पूर्ण वाढवलेली असल्यामुळे तो मोठा होऊन येतोय. अकोल्याच्या डॉक्टरला जे जमलं नाही ते आपण पेनड्राइव्हवर करून दाखवलं!

"काजल! बोल व माय, बोल!" काका चाचपडत टेबलाकडे आले.

"बाबा," स्पीकर म्हणाला. काजलचे ओठ हलले होते. "जेवले का तुमी?"

काका रडायला लागले. हात पुढे करून त्यांनी स्पीकर शोधला आणि तो दोन्ही तळव्यांत धरला. काजल त्यांच्या डाव्या हाताला, फूटभर अंतरावर बसली होती.

"लय दिवस झाले बाबा. मी हाका मारून राह्यली होती. तुमी ऐकतच नोते."

माझं लक्ष काजलच्या तोंडाकडे होतं. ओठ मिटलेले होते.

माइकमधून स्पीकरपर्यंत यायला आवाजाला कधीकधी अर्धा सेकंद लागतो. मी मनात हिशेब केला. अर्धाच सेकंद लागतो, आख्खी तीन वाक्यं मागे राहत नाहीत.

काजलने तळहात तोंडावर दाबून धरला. माझ्याकडे बघून ती जोरजोरात मान हलवत होती.

"काऊन चूप बसले बाबा? बोला ना."

तिने हेडफोन काढून फेकला. मी मशीनच्या मागे हात घातला. माइकची पिन गुलाबी असते, स्पीकरची हिरवी. गुलाबी पिन मी उपटून काढली.

"लय एकटं वाटे मले अठी," स्पीकर म्हणाला.

पिन माझ्या हातात होती. मी तिच्याकडे बघितलं, मग मागच्या रिकाम्या भोकाकडे बघितलं.

काजलने टेबलावर दोनदा टकटक केलं. पुन्हा दोनदा.

"काय नाई-नाई लावलं व?" काका हसत म्हणाले. मग हसता हसता थांबले. आवाज एकीकडून येत होता आणि टकटक दुसरीकडून, ते त्यांच्या ध्यानात आलं असावं. त्यांनी मान माझ्या दिशेने वळवली.

"इंजिनीर, काजलच हाय ना हे?"

इथे मी चुकलो. आमच्या धंद्यात गिऱ्हाइकाला तोंडावर ‘नाही’ म्हणायची पद्धत नाही. ‘झालं काम’ म्हणायचं, त्याचा जीव भांड्यात पाडायचा आणि बिघाड नंतर सावकाश शोधायचा. हजार वेळा मी तसं केलंय आणि कुणाचं काही बिघडलेलं नाही. त्यात त्या माणसाचा चेहरा असा उजळला होता की माझ्याच्याने तो विझवणं होईना. पाच मिनिटं सुखाची जाऊ देत, मग डबा उचलून दुकानात नेऊ, असा मी विचार केला.

"हाव काका," मी म्हणालो. "काजलच हाय. झालं काम."

काजल माझ्याकडे बघतच राहिली.

"बाबा," स्पीकर हलकेच म्हणाला, "मंग तुमच्याजोळ कोन हाय ते?"

काकांचा चेहरा बदलला. काजलने उठून त्यांच्या दंडाला धरलं. त्यांनी दंड सोडवून घेतला. रागाने नाही, अदबीने, परक्या बाईपासून सरकावं तसे ते बाजूला सरकले.

"कोन हो बाई तुमी?" ते म्हणाले.

पोटच्या पोरीला ‘तुमी’.

ती टेबलावर वाजवायला लागली. एकदा, एकदा, एकदा. पण या प्रश्नाचं उत्तर टकटक करून देता येत नव्हतं. ती वाजवतच राहिली आणि काका आंधळे डोळे मिटून मागे मागे सरकत गेले.

"काका, मी खोटं बोललो!" मी ओरडलो. "हेच काजल हाय, हे तुमच्यापुढं! त्याच्यात कोन हाय ते मले नाई ठाऊक!"

"खोटं बोलून राह्यला बाबा," स्पीकर म्हणाला. "मले बंद करते आता थो."

मी भिंतीवरच्या बटणाकडे झेपावलो. काका दोन्ही हात पसरून बोर्डाला पाठ लावून उभे राहिले. साठीचा आंधळा माणूस, पण मला हलवता येईना.

"हात लावू नको बे," ते म्हणाले. "मायी पोरगी मले आज भेटली."

मी निघून आलो. पळून आलो म्हणा. वाटेत दोनदा गाडी थांबवली, परत फिरावं म्हणून, आणि दोन्ही वेळा पुढेच निघालो.

चौथ्या दिवशी दुपारी काजल दुकानात आली. अंगावर तेच कपडे होते. काउंटरवरचा कागद ओढून तिने लिहिलं, ‘बाबा मला घरात घेत नाहीत. मी पडवीत झोपते. शेजारच्यांनी समजावलं. पण आतून माझाच आवाज येतो, तो ऐकून आता तेही उंबरा ओलांडत नाहीत. तुमच्या शब्दावर बाबांनी मानलं होतं. तुम्ही चला.’

खाली तिने आणखी एक ओळ लिहिली, ‘ते त्याला माझ्या लहानपणच्या गोष्टी विचारतात. त्याला सगळ्या येतात.’

मला मान वर करवेना. माझ्या एका शब्दाने या पोरीचं घर गेलं होतं. मी म्हणालो, "चल. मशीन फोडून टाकू. काका शिव्या देतील तं देतील." तिच्या डोळ्यांत पाणी आलं. या चार दिवसांत तिच्यासाठी तो उंबरा ओलांडायला कुणी पहिल्यांदाच तयार झालं असेल.

मी गाडीची चावी उचलली आणि फोन वाजला. काकांचा नंबर होता.

"घ्या, काजल बोलते म्हनते तुमच्यासंग," काकांचा आवाज आला, आनंदी, दाढी केलेल्या माणसासारखा ताजातवाना. मग फोन कशाच्या तरी जवळ नेल्याची खरखर झाली.

"दादा, साउंड एकदम झकास चालून राह्यला," ती म्हणाली. मागे पंखा फिरत होता. "तुमच्याजोळ कॅमेरा भेटते का? कॉम्प्युटरवर बसवाचा?"

"कायले पायजे?" मी विचारलं.

"पाहाचं होतं, दादा," ती जराशी लाजून म्हणाली. "मी दिसते कशी ते."

काउंटरपलीकडे काजल डोळे पुसून ओढणी सारखी करत उभी होती. माझा चेहरा बघून ती थांबली, आणि कुणाचा फोन, असं तिने मला हाताने विचारलं.