बादशहाची ओळ

कानमणी आल्यापासून सोलापुरात कुणी कुणाला काही विचारेनासं झालं होतं. कानात ज्वारीच्या दाण्याएवढा मणी असायचा. मनातली शंका पुटपुटली की तो एका ओळीत उत्तर द्यायचा, आणि ती ओळ साऱ्या महाराष्ट्राला एकच असायची. अशा ओळी लिहिणाऱ्यांपैकी एक होती मैथिली कमलापूरकर.

तिच्यापाशी ओढमापक नावाचं यंत्र होतं. नवी ओळ त्यात घातली की ती हजार माणसांच्या मण्यांत वाजे, आणि त्यांची नाडी क्षणभर कशी हलली यावरून यंत्र आकडा काढी. साठ किंवा वर आला तर ओळ मण्यांच्या कोशात जायला पात्र ठरे; तीन प्रयत्नांत एकही ओळ तिथवर पोचली नाही, किंवा पोचलेली ओळ संध्याकाळपर्यंत पक्की केली नाही, तर तो विषयच दहा वर्षं बाद. पक्की झालेली ओळही दहा वर्षं बदलत नसे.

त्या सकाळी विषय आला विजापूरचा दुसरा इब्राहिम आदिलशहा. मैथिलीला हसू फुटलं. हा बादशहा तर तिच्या घरचाच. तिचे वडील, नरहरबुवा, नवरात्रात देवीपुढे कीर्तनाला उभे राहत. कपाळी बुक्का, गळ्यात झेंडूचा हार, हातात झांजा. शारदेचं स्तवन झालं की आवाज खाली आणून ते बादशहाची गोष्ट काढत आणि म्हणत, "मुसलमान असूनही, हो, मुसलमान असूनही तो आपल्या गाण्यांत सरस्वतीला वंदन करी!" सभामंडप टाळ्यांनी भरून जाई. उदबत्तीच्या धुरात बसलेल्या लहानग्या मैथिलीच्या अंगावर काटा येई.

तिने बुवांचंच वाक्य जसंच्या तसं यंत्रात घातलं. चौऱ्याऐंशी. एवढा आकडा वर्षभरात आला नव्हता.

बुवा जाऊन सहा वर्षं झाली होती. हा आनंद सांगावा असं एकच माणूस उरलं होतं, ते म्हणजे तीस वर्षं बुवांच्या शेजारी बसून पेटी वाजवणारे दस्तगीरकाका बागवान. ओळ पक्की करण्याआधी त्यांना ऐकवावी म्हणून दुपारी ती यंत्र घेऊन त्यांच्या घरी गेली. काका खाटेवर बसून बोरं निवडत होते. सरकारी पगार घेऊन एक ओळ लिहितेस, तुझा बाप फुकट चार तास बोलायचा, असं म्हणून त्यांनी तिला बसवलं.

तिने ओळ वाचली. काकांनी पुन्हा वाचायला लावली. मग निवडलेली बोरं त्यांनी न निवडलेल्यांतच परत टाकली.

"काय झालं, काका?"

"काही नाही गं. तिथं मी भाता थांबवायचो, एवढंच आठवलं."

ते तिलाही आठवत होतं. त्या शब्दावर पेटी गप्प व्हायची आणि शांततेत बुवांचा शब्द घुमायचा. काकांनी रंग भरायला केलेली ती खुबी आहे, असं सगळे म्हणत. बुवासुद्धा.

"खुबी कसली," काका म्हणाले. "हात चालायचाच नाही. 'असूनही' म्हटलं की वाटायचं, म्हणजे एरवी आम्ही कसे असतो?"

"बाबांना कधी बोलला का नाहीत?"

"प्रेमानं म्हणायचे गं. प्रेमानं बोलणाऱ्याला काय टोकायचं?"

मैथिलीने तिथंच बसून 'मुसलमान असूनही' हे शब्द काढले आणि ओळ पुन्हा यंत्रात घातली. शेहेचाळीस. शेवटचा प्रयत्न तिने बुवांच्या चालीवर लिहिला: विजापूरचा बादशहा इब्राहिम आदिलशहा गाणी रची, आणि गाण्यात शारदेला आळवी. दोघं आकड्याकडे बघत राहिले. तो पन्नास, चोपन्न, अठ्ठावन्नवर गेला आणि तिथंच थांबला.

काकांनी सुस्कारा टाकला. ते म्हणाले, पहिलीच ओळ ठेव. पोरांना बादशहा कळू तर दे. आपण तीस वर्षं ऐकलं तेव्हा काही मेलो नाही.

"आता तुम्हाला एकट्याला ऐकावं लागणार नाही ना, काका. तुमच्या नातवंडांच्या कानात वाजेल. दहा वर्षं."

तिने पहिली ओळ पुसली. पडद्यावर 'विषय बाद' अशी अक्षरं उमटली.

काका रागावले. म्हणाले, "तुझ्या बापानं एक शब्द जास्त म्हटला. तू अख्खा बादशहाच घालवलास की गं."

तिने आपल्या मण्याला हळूच विचारलं, दुसरा इब्राहिम आदिलशहा कोण होता?

"याची ओळ नाही," मणी म्हणाला. "कुणाला तरी विचारा."

कित्येक वर्षांत मण्याच्या तोंडून तिने हे ऐकलं नव्हतं. उद्या एखादी मुलगी हेच ऐकून, मणी काढून, कुणाच्या तरी दाराशी येऊन उभी राहील का? आणि आलीच, तर तिला तो बादशहा नीट सांगता येईल असं माणूस त्या दाराआड असेल का?