बापूंच्या शेजारची ओली जागा

हे खरंच घडलंय. तुम्हाला पटणार नाही. मीरेलाही पटत नव्हतं... आणि ती तर फिजिक्सची बी.एस्सी.

साल छप्पन्न. मध्य भारत मोडून नवा प्रांत होत होता. मीरेच्या वडिलांचं, बापूंचं ऑफिस भोपाळला निघालं, म्हणून ऐन दिवाळीच्या तोंडावर उज्जैनचं घर रिकामं होत होतं.

तिची आई, माई मात्र हलेना.

"अनसूया आली तर कुठे शोधेल आपल्याला?"

अनसूया म्हणजे मीरेची थोरली बहीण. आठ वर्षांपूर्वी ती बापूंबरोबर क्षिप्रेवर पर्वणीच्या स्नानाला गेली. परतले ते एकटे बापू.

"गर्दीत हात सुटला," एवढंच म्हणाले.

तेव्हापासून बापू झोपाळ्याच्या अगदी कडेला बसत. शेजारची जागा रिकामी.

ती गादी कायम ओली असे...

मीरेनं छत तपासलं. फरशी तपासली. सगळं कोरडं ठणठणीत.

निघायच्या सकाळी ती रामघाटावर गेली. तिथे घरचे उपाध्ये भेटले.

"बापूंची धाकटी ना तू? थोरलीचा पालाशविधी मीच केला, बेटा."

मीरा थबकली. हरवलेल्या माणसाची बारा वर्षं वाट बघतात. मगच पळसपानांचा पुतळा करून त्याला अग्नी देतात.

"पण बारा वर्षं कुठे झालीत, गुरुजी?"

"मी पण हेच बोललो. बापू म्हणाले, वाट बघायची जरूरतच नाही. ती हरवली त्याच महिन्यात उरकला... तुला माहीत नव्हतं?"

आणि माई रोज तिचं पान वाढत होती. बापू समोर बसून जेवत होते!

माई सामानाबरोबर पुढे गेली होती. मागच्या टांग्यात मीरा आणि बापू.

"ती येणार नाही, हे तुम्हाला कसं ठाऊक होतं, बापू?"

बापू फक्त कडेला सरकले.

"बाबूजी, इतनी जगह क्यों छोड़ी? गिर जाओगे!" टांगेवाला ओरडला.

"रहने दो, भाई."

मीरेनं मधल्या जागेवर हात ठेवला.

गार. चिंब...

स्टेशनवर माई हसत सामोरी आली.

"शेजारी पत्ता देऊन ठेवलाय ग. आली की म्हटलं, गाडीत बसवून द्या तिला."

मीरेनं तोंड उघडलं... आणि मिटलं.

भोपाळला माई अजून पान वाढते. मीरेनं अजून सांगितलेलं नाही.

बापू आता खाटेवर ऐसपैस बसतात. त्यांच्या शेजारची जागा कोरडी असते.

ओली असते... ती मीरेच्या शेजारची.