पंखाचा पत्रा

ही ऐकीव गोष्ट नाही. जिच्यावर बेतली, त्या माझ्या आत्याने, गुणाबाईने, स्वतः मला सांगितली आहे.

१९४४ सालचा उन्हाळा. मुरबाड तालुक्यात, सिद्धगडाच्या पायथ्याशी तिचं घर. रानात एक लष्करी विमान पडलं होतं. साहेब लोक वैमानिकाचं प्रेत घेऊन गेले. पंखाचा एक तुकडा मात्र तिथेच राहिला.

आत्याच्या नवऱ्याने, काळूरामने, तो गोठ्यावर चढवला. रंगाची बाजू खाली.

निळं कडं. मध्ये पांढरा गोल.

पलटणीतून सुटीवर आलेल्या गावातल्याच वाळूने तो ओळखला.

"आदी मधी लाल ठिपका असायचा. पन जपान्यांच्या इमानावर लाल गोळा. आपलेच आपल्याला पाडतील, म्हनून लालावर पांढरा फासला."

दुसऱ्या दिवशी भर दुपारी आत्या पेंढा काढायला गोठ्यात शिरली.

मागे दार लागलं.

वारा नव्हता...

तिने ढकललं. हललं नाही. खांदा लावला. हाका मारल्या.

बाहेर कावळे ओरडत होते, ते एकदम थांबले. शेजारचं कांडण थांबलं.

मग घरघर सुरू झाली. आभाळात नाही... पत्र्यात.

तिने वर पाहिलं. पांढऱ्या गोलातून लाल रंग वर येत होता. ओला.

आणि कुणीतरी तो नखांनी खरवडत होतं...

हात दिसत नव्हता. लाल कपचे तिच्या तोंडावर पडत होते.

कानाशी धापा टाकत कुणीतरी एकच शब्द बोलत होतं. पुन्हा पुन्हा.

दार उघडलं तेव्हा दिवस मावळत होता. समोर काळूराम.

"कुठं होतीस गो? सगलं रान पालथं घातलं!"

"हितंच. दार लागलं होतं..."

"दार उघडंच होतं. मी आत पेंढ्यावर बसून गेलो. कोनी नव्हतं."

आत्याने वाळूला तो शब्द सांगितला. "फ्रेंड."

वाळूचं तोंड उतरलं. "म्हंजे... मी तुमचाच हाय. मारू नका."

सकाळी पत्रा उतरवला. गोल पांढराच होता. काळूराम नि वाळूने तो पत्रा नेऊन दरीत लोटला.

म्हातारपणी आत्या आमच्याकडे शहापूरला होती. एकदा मी म्हटलं, "आत्या, सुटलीस ना त्यातून?"

बराच वेळ ती माझ्याकडे बघत राहिली.

"तुमी सगली दिसता गो मला. पन कदी कदी हाका मारते... नि कोनी वलूनच बघत नाय."

मी तिच्या समोरच बसले होते.

हे बोलण्याआधी तिने मला किती हाका मारल्या होत्या, कोण जाणे.